ऑफिस जवळ पडतं

भाचीला भाड्यानं घर घ्यायचं होतं, म्हणून तिच्याबरोबर कर्वेनगरला गेले होते. जुनी सोसायटी, दुसरा मजला, वन बीएचके. स्वयंपाकघराच्या खिडकीला लागून शेवग्याचं झाड. घरमालक काका सत्तरीला टेकलेले, बोलायला मृदू. काकूंनी आल्या आल्या कोकम सरबत पुढे केलं. भाडं, डिपॉझिट, गाडी कुठे लावायची, सगळं आधीच ठरलं होतं. एजंट लॅपटॉप उघडून करार भरत बसला होता. तेवढ्यात काकांनी सहज विचारलं, "घरचे कुठे असतात?" भाची म्हणाली, "सहकारनगरला." "म्हणजे पुण्यातच?" "हो." काकांनी चष्मा काढून हातात घेतला. "मग इकडे कशाला राहायचं?" आणि भाची अगदी सरळ म्हणाली, "मला एकटीनं राहून बघायचंय, काका. बाकी काही नाही."

खोलीत एकदम शांतता पसरली. काकूंनी माझ्याकडे पाहिलं. काकाही भाचीला सोडून माझ्याकडे वळले आणि आवाज खाली आणून म्हणाले, "घरी काही…?" पुढचं वाक्य त्यांनी सोडून दिलं. मी काही बोलायच्या आत एजंटनं मान वर न करता म्हटलं, "ऑफिस जवळ पडतं हो काका. बाणेरला आहे ना ऑफिस, सहकारनगरहून जीव जातो माणसाचा." झालं. काकांनी चष्मा परत डोळ्यांवर चढवला. काकूंनी मला आणखी सरबत विचारलं. ट्रॅफिकवर पाच मिनिटं मनसोक्त बोलणं झालं. माणसं वाईट नव्हती, त्यांना फक्त एक कारण हवं होतं. ते मिळाल्यावर त्यांचे चेहरे असे सैल पडले की मला आतून कुठेतरी टोचलं. भाचीनं खरं सांगितलं होतं, आणि त्या खोलीत त्या खऱ्याला बसायला जागाच नव्हती.

मग काका म्हणाले, "एकदा वडिलांशी फोनवर बोलून घेतो, म्हणजे बरं." भाचीनं स्वतःच फोन लावून दिला.

त्यानंतर एजंटनं पिशवीतून अंगठ्याचं यंत्र काढलं. काडेपेटीएवढं, वर लाल उजेड. हल्ली भाडेकराराची नोंदणी घरबसल्या होते. लॅपटॉपच्या कॅमेऱ्यात फोटो, यंत्रावर अंगठा, आधारशी जुळणी, दोन साक्षीदार. भाचीचा अंगठा पहिल्यांदा उमटला नाही, तिनं ओढणीला बोट पुसलं आणि पुन्हा टेकवलं. पडद्यावर तिचं नाव, वय 27, व्यवसाय नोकरी. त्या अर्जात 'घर का सोडलंत' असा रकाना नाही. 1999 च्या महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायद्यानं करार लेखी आणि नोंदलेला हवा असं सांगितलं आणि ती जबाबदारी घरमालकावर टाकली. अठरा वर्षं पूर्ण झाली की माणूस सज्ञान, हे सांगणारा कायदा तर 1875 सालचा. त्या यंत्राला तिचा अंगठा पुरला. काकांना मात्र वडिलांचा आवाज ऐकायचा होता.

आपल्याकडच्या मुली घराबाहेर पडतच नाहीत असं कुणी म्हणणार नाही. शिक्षणासाठी पडतात, नोकरीसाठी पडतात, लग्न झालं की सगळ्यांच्या डोळ्यांत पाणी आणून पडतात. प्रत्येक वेळी हातात एक कारण असतं आणि ते दारात दाखवल्यावर दार उघडतं. लातूरची मुलगी पुण्यात राहते, पुण्याची बंगळुरूला राहते, तेव्हा आई अभिमानानं सांगते. पण त्याच गावात आईवडील असताना, त्यांच्याशी नीट चाललेलं असताना, लग्न न करता वेगळं बिऱ्हाड? त्याला नावच नाही. मग लोक आपापलं नाव देतात. घरात भांडण असेल, मुलाची काहीतरी भानगड असेल, बाप कडक असेल. मुलगा असा वेगळा राहिला तर त्याच्याही आईला वाईट वाटतं, पण त्याच्याबरोबर घर बघायला गेलेल्या मावशीला कुणी हळू आवाजात "घरी काही…?" असं विचारत नाही.

मी स्वतः नव्वदच्या दशकात नोकरीसाठी मुंबईला महिला वसतिगृहात राहिले. तिथली लोखंडी कॉट, कॉटखाली ट्रंक, खिडकीच्या गजांना बांधलेली दोरी आणि तिच्यावर कधीच पूर्ण न वाळणारे कपडे अजून डोळ्यांपुढे आहेत. रात्री ठरलेल्या वेळी फाटक बंद. उशीर झाला तर रजिस्टरमध्ये सही आणि कारण. रविवारी एसटीडी बूथसमोर रांग, आणि रांगेतल्या प्रत्येकीचं घरच्यांशी एकच बोलणं: हो, जेवते, हो, वेळेत येते. पालकांनी दिलेल्या यादीत ज्यांची नावं असतील तेवढेच भेटायला येऊ शकत. माझ्या यादीत एक काका आणि आईची एक मैत्रीण होती. काका वर्षभरात एकदाही आले नाहीत.

त्या फाटकाचा मला राग यायचा. आणि त्या फाटकामुळेच मला मुंबईला जाता आलं, हेही तितकंच खरं. वडील येऊन बघून गेले ते खोली नाही, फाटक. कुलूप किती वाजता लागतं हे त्यांनी दोनदा विचारलं आणि मग घरी जाऊन आईला म्हणाले, "काळजी नाही." वसतिगृहांच्या या व्यवस्थेमुळे माझ्यासारख्या कितीतरी जणी बाहेर पडल्या. नोकरदार महिलांच्या वसतिगृहांना मदत करणारी केंद्र सरकारची योजना 1972-73 पासूनची. ती नसती तर आमच्यातल्या निम्म्या घरीच राहिल्या असत्या असं मला वाटतं. तरीही पहिल्या पगाराच्या संध्याकाळी आम्ही तिघीजणी मरीन ड्राइव्हच्या कठड्यावर बसलो होतो, भरतीचं पाणी अंगावर उडत होतं, आणि तिघींचंही लक्ष घड्याळाकडे होतं, तेव्हा पोटात जे कालवलं ते मी विसरले नाही. पैसे आमचे होते. संध्याकाळ उसनी होती.

करार झाल्यावर भाचीला आणि मला भूक लागली म्हणून आम्ही चालत निघालो. दुपारची वेळ, रस्ताभर कॉलेजच्या मुली, स्कूटरवर डबलसीट, पाठीवर सॅक, तोंडाला ओढण्या गुंडाळलेल्या. हा सगळा भाग म्हणजे जुनं हिंगणं. धोंडो केशव कर्व्यांनी 1896 मध्ये पुण्यात विधवांसाठी आश्रम काढला आणि 1900 मध्ये तो इथे, गावाबाहेरच्या माळावर, एका झोपडीत हलवला. फर्ग्युसनमध्ये गणित शिकवून झालं की ते चिखल तुडवत पायी इथे यायचे. पुण्याच्या वस्तीत त्या बायका लोकांच्या डोळ्यांत खुपत होत्या, इथे निदान माळ होता. त्यांची दुसरी पत्नी गोदूबाई, नंतरच्या आनंदीबाई, म्हणजेच बाया कर्वे, स्वतः बालविधवा. पंडिता रमाबाईंनी 1889 मध्ये मुंबईत शारदासदन उघडलं तेव्हा तिथे दाखल झालेल्या पहिल्या विधवांपैकी त्या एक. 1893 मध्ये कर्व्यांशी पुनर्विवाह झाला आणि त्यांच्या मुरूड गावानं दोघांना वाळीत टाकलं.

बाया कर्व्यांचा विचार करते तेव्हा मला नेहमी त्यांची मधली वर्षं दिसतात. नवरा गेलेला, पुनर्विवाह अजून व्हायचा, आणि एक तरुण बाई शारदासदनात पाटीवर अक्षरं गिरवते आहे. कुणाची बायको म्हणून नाही, कुणाची आई म्हणूनही नाही. त्या काळच्या बाईला असा एकटीचा वेळ मिळायचा तो नवऱ्याच्या मरणानंतर, आणि तोही केशवपन, एकभुक्त आणि माजघरातला कोपरा या सगळ्यातून कुणी हात धरून बाहेर काढलं तरच. बाहेर काढतानाही समाजाला कारण द्यावं लागलंच: ही शिकेल, मास्तरीण होईल, नर्स होईल, कुणावर भार होणार नाही. मागायला दुसरी भाषाच नव्हती. त्या माणसांनी त्या भाषेत जेवढं मागता आलं तेवढं मागून घेतलं, आणि त्या झोपडीच्या जागी आज हजारो मुली शिकतात. त्यांचं ऋण माझ्यावर आहे. पण सव्वाशे वर्षांनी त्याच माळावर माझ्या भाचीला तीच भाषा बोलावी लागते, याचं मला दुःख होतं.

रखमाबाईंना ती भाषा बोलायची नव्हती. अकराव्या वर्षी लग्न लागलं, त्या नांदायला गेल्याच नाहीत. नवऱ्यानं 1884 मध्ये मुंबईच्या कोर्टात दावा लावला. पहिला निकाल रखमाबाईंच्या बाजूनं लागला, पुढे तो फिरला, आणि 1887 मध्ये हुकूम झाला की नवऱ्याकडे जा, नाहीतर सहा महिने तुरुंगात. त्यांनी तुरुंग पत्करायची तयारी दाखवली. पुढल्या वर्षी दोन हजार रुपयांवर तडजोड झाली. मग त्या लंडनला जाऊन डॉक्टर झाल्या आणि सुरतेला त्यांनी वर्षानुवर्षं काम केलं. त्यांच्या मोठेपणाची गोष्ट सांगताना आपण डॉक्टरकीपासून सुरुवात करतो. मला मात्र तो नकार आधी आठवतो. डॉक्टरकी नंतर आली. 'मला त्या घरात जायचं नाही' एवढंच त्या म्हणाल्या, तेव्हा त्यांच्या हातात दाखवायला कुठलीच पदवी नव्हती.

सदाशिव पेठेतून, नवी पेठेतून संध्याकाळी चालत गेलं की अभ्यासिकांच्या जिन्यांवर चपलांचे ढीग दिसतात. निम्म्याहून जास्त मुलग्यांच्या, पण मुलींच्याही खूप. बीड, परभणी, धाराशिव, यवतमाळ. कॉट बेसिसवर राहायचं, मेसचा डबा दोघींत एक, आणि भिंतीवर एमपीएससीचं वेळापत्रक. माझ्या ओळखीची एक मुलगी अशीच तीन वर्षं राहत होती. तिच्या घरी दर दिवाळीला एकच वाक्य: "या वर्षी बघू, नाहीतर मग स्थळं बघायला घेतो." परीक्षा पुढे ढकलली की मुलगे चिडतात, वय वाढतं म्हणून. तिचंही वय वाढत होतं, पण ती म्हणाली, "ताई, पुढे ढकलली की मला रागही येतो आणि बरंही वाटतं. तेवढे महिने मिळाले." 2021 च्या मार्चमध्ये परीक्षा तीन दिवसांवर आलेली असताना पुढे ढकलली आणि शास्त्री रस्त्यावर मुलं उतरली, तेव्हा तीही त्या गर्दीत होती. टीव्हीवर सगळे नोकरीबद्दल बोलत होते. तिच्या मनात घरच्यांनी घातलेली मुदत होती.

तिला पोस्ट मिळाली नाही. ती परत गेली, लग्न झालं, आता गावातच शिकवणी घेते. नवरा चांगला आहे, ती सुखी आहे असं सांगते आणि मी ते खरं मानते. मात्र पुण्याच्या दिवसांबद्दल बोलताना ती अभ्यासाचं काही बोलत नाही. रात्री अकराला अभ्यासिकेतून खोलीवर परतताना टिळक रस्त्यावर चहा प्यायचा, त्या चहाबद्दल बोलते. कुणालाही न विचारता घेतलेला चहा.

माझी ताई, म्हणजे भाचीची आई, या सगळ्यात सर्वांत जास्त दुखावली. तिनं मुलीला कधी अडवलं नाही. शिकवलं, स्कूटर दिली, ट्रेकला पाठवलं, लग्नाची घाई केली नाही. त्यामुळे मुलीनं वेगळं राहते म्हटल्यावर ती रागावली नाही, तिनं मला फोन करून विचारलं, "आमचं काय चुकलं गं?" या प्रश्नाला मी काय उत्तर देणार? जाच असलेल्या घरातून मुलगी बाहेर पडली तर तिच्या बाजूनं उभं राहायला चार माणसं तरी मिळतात. चांगल्या घरातून, प्रेमाच्या माणसांमधून बाहेर पडणाऱ्या मुलीच्या बाजूनं उभं राहणं फार अवघड जातं, कारण मग तिच्या जाण्याचा दोष कुणावर ठेवायचा तेच कळत नाही. ताईला तो स्वतःवर ठेवणं सोपं वाटलं. मी तिला म्हटलं, तुझं चुकलं नाही म्हणूनच ती जाऊ शकली. ते तिला पटलं नाही. निदान तेव्हा नाही.

ताई आणि मी, आम्ही दोघींनी वडिलांच्या मागे हक्कसोडपत्रावर सह्या केल्या. 1994 मध्ये महाराष्ट्रात आणि 2005 मध्ये देशभर मुलीला वडिलोपार्जित मालमत्तेत मुलाइतकाच वाटा मिळाला, हे आम्हाला माहीत होतं. तलाठी कार्यालयाबाहेरच्या बाकावर बसून आम्ही चहा घेतला, भावानं दोघींना साड्या घेतल्या, आणि माहेर उघडं राहिलं. त्या दिवशी मला वाईट वाटलं नाही. आजही भावाबद्दल मनात किल्मिष नाही. पण भाचीचा अंगठा त्या यंत्रावर टेकताना पाहिला तेव्हा ती सही आठवली. बाईची सही बहुतेक वेळा काहीतरी सोडून देण्यासाठी घेतलेली मी पाहिली आहे. इथे एक मुलगी अकरा महिन्यांसाठी का होईना, काहीतरी घेत होती.

तिचं घर आता लागलं आहे. मी जाते अधूनमधून. फ्रीजवर विजेच्या बिलाची तारीख, दाराच्या आतल्या बाजूला साखळी, आणि दाराबाहेर एक जोडी पुरुषी सँडल. ती कुणाचीच नाही, तुळशीबागेजवळून तिनंच आणली. कुरिअरवाल्यानं, नळवाल्यानं आत कुणी पुरुषमाणूस आहे असं समजावं म्हणून. ते सँडल पाहून मला गलबलून आलं. ती म्हणाली, "मावशी, सगळ्याच ठेवतात." एकदा रात्री तिला सणकून ताप भरला, उलट्या झाल्या, आणि तिनं पहाटेपर्यंत कुणालाही फोन केला नाही, कारण फोन केला असता तर सकाळी सामान सहकारनगरला गेलं असतं. हे तिनं मला महिन्यानं सांगितलं. मला तिचा राग आला आणि तिचं म्हणणं कळलंही. एकटीनं आजारी पडायची मुभा या मुलींना नसते, प्रत्येक ताप हा एकटं न राहण्याचा पुरावा धरला जातो. मी तिला एवढंच म्हटलं की पुढच्या वेळी मला कर, मी सामान उचलणार नाही. तिनं केला. मी गेले, पेज करून दिली, परत आले.

आणि एरवी ती काय करते? विशेष काही नाही. रविवारी दुपारी चारला आंघोळ. भात उरला की रात्री दहाला फोडणीचा. पुस्तक पालथं पडलेलं असतं, ते तसंच दोन दिवस पालथं राहतं. बेसिनवर वाटी तशीच. ताईच्या घरात यातल्या कशालाही मनाई नव्हती, पण प्रत्येक गोष्टीवर कुणीतरी प्रेमानं बोललं असतं. "अगं, आंघोळ कर की." दिवसभर कुणी न बोलणं म्हणजे काय असतं, ते तिला हवं होतं.

पावसाळ्यात भाची ऑफिसच्या कामासाठी चार दिवस बंगळुरूला गेली आणि ताई झाडांना पाणी घालायला तिच्या घरी गेली. पाऊस लागला, रिक्षा मिळेना, ती तिथेच राहिली. ताई छप्पन्न वर्षांची आहे. वडिलांच्या घरून ती सासरी गेली, आणि घरात एकटी अशी ती आयुष्यात कधी झोपली नव्हती, हे तिलाही त्या रात्रीच लक्षात आलं. दुसऱ्या दिवशी मला फोनवर म्हणाली, "भीती वाटली गं. स्वयंपाकघरातला दिवा चालूच ठेवला. दहीभात खाल्ला, तोही उभ्यानंच." मी विचारलं, बरं वाटलं का? तर म्हणाली, "बरं असं नाही. पण सकाळी उठले तर कुणाला काय हवंय हे आठवायला लागलं नाही. कितीतरी वेळ नुसती बसून राहिले." मग तिनं विषय बदलला आणि शेवग्याच्या शेंगा कशा महाग झाल्यात ते सांगितलं, खिडकीला शेवगा असून भाची शेंगा काढत नाही म्हणून तिच्यावर चिडलीही.

सध्या घरात बायोडाट्यावरून वाद चालू आहे. भाचीचा लग्नाला विरोध नाही, योग्य माणूस भेटला तर करेन म्हणते, नाही भेटला तर घाई नाही. भावजींनी कागद टाइप केला, पत्ता सहकारनगरचा. भाचीनं तो खोडून स्वतःचा लिहिला. भावजी म्हणाले, लोक विचारतील मुलगी वेगळी का राहते. भाची म्हणाली, विचारू देत, ज्यांना ते विचारावंसं वाटतं त्यांची ओळख तिथेच होईल. भावजी दोन दिवस बोलले नाहीत. मग ताईनं लॅपटॉप ओढून घेतला आणि दोन ओळी केल्या: मुलीचा पत्ता, आणि खाली आईवडिलांचा पत्ता.

गेल्या आठवड्यात मी तिच्याकडे बसले असताना पहिला फोन आला. मुलाची आई होती, बोलणं गोड होतं. शिक्षण, पगार, पत्रिका, सगळं विचारून झाल्यावर तो प्रश्न आलाच, स्पीकरवर मलाही ऐकू आला: "मुलगी तिकडे का राहते? ऑफिस जवळ पडतं का?" ताईनं क्षणभर माझ्याकडे पाहिलं. 'हो' म्हणणं किती सोपं होतं.

"नाही हो, तसं काही नाही," ताई म्हणाली. "तिला राहायचंय म्हणून राहते. तिचा नंबर देते, तुम्ही तिच्याशीच बोला. घ्या लिहून."